लिलाव ३० जूनला, पण दार १४ जूनलाच बंद: तुर्भ्याच्या एका प्लॉटची केस

रबाळ्यात छोटं मशीन शॉप असलेले एक काका आमच्याकडे हिशेबाला येतात. एका सोमवारी सकाळी सकाळीच आले, एका हातात बँकेचं रजिस्टर पोस्टानं आलेलं पत्र, दुसऱ्या हातात आमच्यासाठी वडापाव, म्हणजे फार घाबरलेत असं काही दिसत नव्हतं. पत्रात गाळ्याच्या लिलावाची तारीख होती. काका म्हणाले, "अरे लिलाव २२ ला आहे ना, मग २१ ला भरून टाकू सगळे. साडूनं शेत विकलंय, खरेदीखत झालं की तो देतोय. आणि नाहीच जमलं तर वकील म्हणतो हायकोर्टातून स्टे आणू."

मी वडापाव तसाच ठेवला. कारण २१ ला भरू आणि स्टे आणू, या दोन्ही गोष्टी सुप्रीम कोर्टानं २०२३ साली तुर्भ्याच्या एका प्लॉटच्या केसमध्ये जवळपास मोडीत काढल्यात, आणि तो प्लॉट काकांच्या गाळ्यापासून रिक्षानं जाता येईल इतका जवळ. त्या दिवशी काकांना तोंडी सांगितलेली केस इथं जरा सविस्तर लिहितोय, कारण काकांसारखा विचार करणारे आठवड्याला एक तरी भेटतात आणि प्रत्येकाला हे पहिल्यापासून सांगत बसायचा आता कंटाळा आलाय.

कर्जदार कंपनी बाफना मोटर्स (मुंबई), बँक युनियन बँक ऑफ इंडिया. २०१७ साली १०० कोटींचं कर्ज घेतलं, ते एलआरडी प्रकारचं, म्हणजे लीज रेंटल डिस्काउंटिंग. तुमची इमारत भाड्यानं दिलेली असते, पुढच्या काही वर्षांचं भाडं करारात ठरलेलं असतं, त्या येणाऱ्या भाड्यावर बँक आजच एकरकमी कर्ज देते आणि मग भाडं परस्पर बँकेच्या खात्यात जाऊन त्यातून हप्ते कापले जातात. ऐकायला एकदम बिनधोक वाटतं, पण सगळा डोलारा भाड्यावर, भाडेकरू हलला की हप्ताही हलला. तारण म्हणून दिलेला प्लॉट टीटीसी एमआयडीसीत, म्हणजे ठाणे-बेलापूरच्या औद्योगिक पट्ट्यात, तुर्भ्याला बोनसरी गावच्या हद्दीत, साधारण १६,२०० चौरस मीटर, म्हणजे सरळ चार एकर. ठाणे-बेलापूर रोडवर रोज ये-जा करणाऱ्याला चार एकर म्हणजे काय हे वेगळं सांगायला नको.

हप्ते थकले, खातं एनपीए, म्हणजे बुडीतकडं झुकलेलं थकीत खातं, झालं आणि ७ जून २०१९ ला बँकेनं सरफेसी कायद्याच्या कलम १३(२) खाली नोटीस काढली, १२३.८३ कोटी ६० दिवसांत भरा म्हणून.

आता हा सरफेसी काय प्रकार आहे ते थोडं सांगावं लागेल, त्याशिवाय पुढची गंमत कळणार नाही. आधी बँकेला वसुलीसाठी साध्या दिवाणी कोर्टात दावा लावावा लागायचा, मग वर्षानुवर्षं तारखा. १९९३ साली कायदा करून त्यासाठी वेगळी डीआरटी काढली, कर्ज वसुली न्यायाधिकरण, तरी गाडी फार पुढं सरकली नाही. मग २००२ मध्ये सरफेसी आला आणि त्यानं बँकेला सांगितलं की तारण असेल तर कोर्टात जायचीच गरज नाही, नोटीस द्या, ६० दिवस थांबा, ताबा घ्या, विका. जगात बहुतेक भांडणांत वादी कोर्टात जातो आणि प्रतिवादी घरी बसून वाट बघतो, इथं उलटं, बँक घरी बसून कारवाई करते आणि धावपळ कर्जदारानं करायची.

आणि मूळ कायद्यात या धावपळीलाही तिकीट लावलेलं होतं. डीआरटीत बँकेविरुद्ध दाद मागायची तर बँक म्हणते त्या रकमेच्या ७५ टक्के आधी भरा. ज्याच्याकडं हप्त्याला पैसे नाहीत त्यानं पाऊण रक्कम भरून मग म्हणायचं की माझ्यावर अन्याय झालाय! गुजरातच्या मार्डिया केमिकल्सला आयसीआयसीआयनं जुलै २००२ मध्ये अशी नोटीस दिली, त्यावरून प्रकरण सुप्रीम कोर्टात गेलं आणि ८ एप्रिल २००४ ला कोर्टानं बाकी कायदा ठेवला पण ही ७५ टक्क्यांची अट उडवली. शिवाय सांगितलं की कर्जदारानं हरकत घेतली तर बँकेनं ती वाचून कारणासकट उत्तर दिलं पाहिजे. त्यावरून कायद्यात कलम १३(३अ) आलं. आज डीआरटीत कलम १७ चा अर्ज फक्त कोर्ट फी भरून करता येतो तो या निकालामुळं. कर्जदाराला कोर्टानं दिलेला सगळ्यात मोठा दिलासा कुठला असं मला कुणी विचारलं तर मी हाच सांगेन, स्टे-बिटे सगळं त्यानंतर.

असो, परत तुर्भ्याला येऊ.

नोटिशीनंतर पैसे आले नाहीत. बँकेनं प्लॉट लिलावाला काढला. घेणारा मिळेना. परत काढला, परत नाही. असं २०२२ आणि २०२३ मिळून आठ वेळा झालं. आठ वेळा! बँकेच्या लिलावाला लोक का घाबरतात ते ज्यानं कधी अशी प्रॉपर्टी बघितलीय त्याला कळेल, नोटिशीत खाली बारीक अक्षरात 'जसे आहे जेथे आहे' लिहिलेलं असतं, आत कोण बसलंय, एमआयडीसीची किती बाकी आहे, लाइट-पाण्याचं काय, ट्रान्सफरला किती लागतील, हे सगळं घेणाऱ्याच्या गळ्यात. एमआयडीसीची जमीन तर मालकीचीही नसते, भाडेपट्ट्यावरची असते, म्हणजे लिलावात जिंकलात तरी पुढं एमआयडीसीच्या ऑफिसात चकरा आहेतच.

ही आठ अपयशं लक्षात ठेवा, मी शेवटी परत त्याच्यावर येणार आहे.

नवव्या लिलावाची नोटीस १४ जून २०२३ ला निघाली. रिझर्व्ह प्राइस, म्हणजे बोलीची किमान किंमत, १०५ कोटी, ईएमडी, म्हणजे बोलीआधी भरायची अनामत, साडेदहा कोटी, लिलाव ३० जूनला. मध्ये जेमतेम १६ दिवस, कारण नियम असा आहे की पहिल्या लिलावाला ३० दिवसांची नोटीस लागते, पण तो फसून परत करायचा असेल तर १५ दिवस पुरतात. या वेळी घेणारा आला, सेलिर एलएलपी नावाची फर्म, बोली १०५.०५ कोटी. रिझर्व्हपेक्षा फक्त पाच लाख जास्त. चार एकर तुर्भ्याच्या जमिनीला वर पाच लाख, म्हणजे आपल्याकडं टू-बीएचकेच्या सौद्यात पार्किंगसाठी यापेक्षा जास्त घासाघीस होते. पण बोली ती बोली. बँकेनं विक्री कन्फर्म केली, त्यांनी २५ टक्के भरले आणि जुलै संपायच्या आत उरलेले सगळे पैसेही भरून टाकले.

आता कर्जदाराची बाजू. त्यांचा अर्ज २०२२ पासून डीआरटीत चालूच होता. लिलाव झाल्यावर त्यांनी तिथं अर्ज टाकला की आम्हाला तारण सोडवून घ्यायचंय, पैसे भरायला तयार आहोत. त्या अर्जावर ऑर्डर यायच्या आधीच ते मुंबई हायकोर्टात रिट, म्हणजे थेट हायकोर्टात दाद मागायचा अर्ज, घेऊन गेले आणि म्हणाले आम्ही १२९ कोटी देतो, प्लॉट सोडा.

इथं थोडं थांबून आकडे बघा. लिलावात मिळाले १०५.०५ कोटी, कर्जदार देतोय १२९ कोटी. बँकेला जवळपास २४ कोटी जास्त. बँकेनं काय केलं? जी बँक दीड महिन्यापूर्वी लिलाव कन्फर्म करून पैसे घेऊन बसली होती ती हायकोर्टात म्हणाली, आम्हाला चालेल. सेलिरनं पूर्ण पैसे भरलेले, सेल सर्टिफिकेट, म्हणजे विक्रीचा दाखला, मात्र दिलेलं नाही. हायकोर्टानं १७ ऑगस्ट २०२३ ला ऑर्डर दिली, २५ कोटी आजच्या आज भरा, उरलेले १०४ कोटी ३१ ऑगस्टपर्यंत, तारण सोडवा, आणि लिलावात घेणाऱ्याला त्याचे पैसे परत. सर्टिफिकेट निघालेलं नाही म्हणजे विक्री पुरी झालेली नाही, म्हणजे सोडवायचा हक्क अजून जिवंत आहे, असा साधारण सूर. कर्जदारानं मुदतीच्या आत पैसे भरलेसुद्धा, आणि ऑगस्टमध्येच भाडेपट्ट्याचा हक्क पुढं तिसऱ्याच फर्मच्या नावे करून टाकला.

खरं सांगू का, ही ऑर्डर पहिल्यांदा वाचली तेव्हा मला ती आवडली होती. बँकेचं नुकसान नाही, उलट फायदा. कर्जदाराची जमीन वाचली. घेणाऱ्याला पैसे परत मिळतायत. चहाच्या टपरीवर चार माणसांना विचारलं असतं तर चौघांनीही असाच निवाडा दिला असता.

सुप्रीम कोर्टानं पाच आठवड्यांत, २१ सप्टेंबर २०२३ ला, तो फिरवला.

सगळा खेळ कलम १३(८) मधल्या काही शब्दांचा आहे. आधी तिथं असं होतं की विक्रीसाठी ठरलेल्या तारखेच्या आधी कधीही सगळी बाकी आणि खर्च भरला तर बँकेनं मालमत्ता विकायची नाही. काकांच्या डोक्यात बसलेला कायदा तो हाच, आणि तो चुकीचा नव्हता, जुना होता. त्या जुन्या शब्दांवर आणि मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ६० वर २०१४ मध्ये मॅथ्यू वर्गीसच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टानंच कर्जदाराच्या बाजूनं उदार निकाल दिलेला की विक्री पूर्ण होईपर्यंत सोडवायचा हक्क राहतो. मग २०१६ मध्ये संसदेनं दुरुस्ती केली. 'विक्रीच्या तारखेआधी' काढलं आणि त्या जागी आलं, लिलावाची नोटीस प्रसिद्ध होण्याच्या तारखेआधी. बस्स, एवढंच. लिलावाच्या दिवसावरनं मुदत थेट नोटीस छापून येण्याच्या दिवसावर आली, पहिल्या लिलावाचं बघितलं तर महिनाभर अलीकडं.

हा बदल इतका गुपचूप झाला की सात वर्षं हायकोर्टांतही एकमत नव्हतं. हैदराबादच्या हायकोर्टानं २०१८ मध्ये म्हटलेलं की नवे शब्द आले तरी कर्जदाराचा हक्क संपत नाही, विक्री पुरी होईपर्यंत राहतो. मुंबईचीही ऑर्डर त्याच वाटेनं गेली. सुप्रीम कोर्टानं ती वाट बंद केली: सरफेसी हा खास कायदा, त्यात जे लिहिलंय ते जनरल कायद्यातल्या कलम ६० च्या वर. नोटीस प्रसिद्ध झाली त्या दिवशी हक्क संपला. म्हणजे तुर्भ्याच्या केसमध्ये १४ जूनला दार बंद झालं आणि कर्जदार १२९ कोटी घेऊन ऑगस्टमध्ये दार वाजवत होता.

दुसरा तडाखा बँकेला. विक्री कन्फर्म केल्यावर आणि पूर्ण पैसे घेतल्यावर नियम ९ प्रमाणे सर्टिफिकेट द्यायचंच असतं, तिथं बँकेला मनाचं काही करायला जागा नाही. जास्त पैसे दिसले म्हणून ते अडवून ठेवायचं आणि कर्जदाराशी वेगळी बोलणी करायची, हे बँकेचं वागणं कोर्टाला अजिबात रुचलं नाही. कोर्टाचा मुद्दा सरळ आहे, लिलावात जिंकून पूर्ण पैसे भरूनही नंतर कुणीतरी येऊन घास काढून नेणार असेल तर पुढच्या लिलावात बोली लावायला येणार कोण. आधी आठ लिलाव ओस गेले होते हे आठवलं की त्यात तथ्य वाटतंच.

तिसरा तडाखा रिटला. डीआरटीत तुमचा अर्ज पेंडिंग आहे, तिथली ऑर्डर यायची आहे, आणि तुम्ही मध्येच उठून हायकोर्टात जाता, आणि हायकोर्ट न्यायबुद्धीच्या नावाखाली कायद्याच्या शब्दांपलीकडं जाऊन देतं, हे चालणार नाही. हे नवीन नव्हतं, २०१० च्या सत्यवती टंडन केसपासून सुप्रीम कोर्ट हायकोर्टांना हेच सांगत आलंय की सरफेसीच्या भानगडीत रिट घेऊ नका, डीआरटी आहे ना. तरी लोक जातात, आणि वकीलही नेतात, कारण 'हायकोर्ट' म्हटलं की अशिलाला धीर येतो आणि डीआरटी म्हटलं की तो विचारतो हे कुठं आलं.

आणि आता यातली मला सगळ्यात विचित्र वाटणारी गोष्ट. सुप्रीम कोर्टापुढं सेलिरनं तयारी दाखवली की आम्ही वरचे २३.९५ कोटीही देतो. १०५.०५ अधिक २३.९५, बेरीज करून बघा, बरोबर १२९. कोर्टानं तसंच करायला सांगितलं, वरचे पैसे भरा, सर्टिफिकेट घ्या, आणि बँकेनं कर्जदाराचे १२९ कोटी परत करावे. म्हणजे बँकेला शेवटी तेवढेच मिळाले, फक्त देणारा हात बदलला आणि जमीन दुसऱ्याची झाली. कर्जदारानं ऑगस्टमध्ये जेवढे पैसे उभे केले तेवढेच त्यानं १३ जूनला उभे केले असते तर ही केस जन्मालाच आली नसती.

पुढंही प्रकरण लगेच थंड झालं नाही, ताब्यावरून आणि त्या मधल्या काळात तिसऱ्याच्या नावे केलेल्या हक्कावरून भांडण परत सुप्रीम कोर्टात गेलं आणि डिसेंबर २०२४ मध्ये तिथंही निकाल लिलावात घेणाऱ्याच्याच बाजूनं लागला. त्याचे तपशील मोठे आहेत, ते सोडतो.

माझं मत विचाराल तर कायदा म्हणून निकाल बरोबर आहे, शब्द इतके स्पष्ट असताना दुसरं काय म्हणणार. पण कायदाच कडक आहे. १०० कोटीवाल्या कंपनीकडं वकिलांची फौज असते, तिला नोटीस कुठं छापून आली ते कळतं. चाळीस लाखवाल्या माणसाचा हक्क जातो तो पेपरातल्या एका करड्या चौकोनानं. नियमाप्रमाणं दोन पेपरांत नोटीस लागते, त्यातला एक स्थानिक भाषेतला, म्हणजे आपल्याकडं मराठी. एकदा एखादा मराठी पेपर घेऊन मागच्या पानांवरचे ते चौकोन खरंच वाचून बघा. मुंगीएवढी अक्षरं, एका चौकोनात बारा-पंधरा कर्जदार, नाव, जामीनदार, गट नंबर, चतुःसीमा, पूर्वेस अमक्याचं घर पश्चिमेस रस्ता, आणि मराठी अशी की इंग्रजीतून कुणी रात्री दोन वाजता भाषांतर केलंय. आपल्या घराचं नाव त्यात आहे हे बऱ्याच वेळा शेजारी येऊन सांगतो.

तर मग कर्जदाराला कोर्टातून काहीच मिळत नाही का? मिळतं, पण ते आधी मागावं लागतं. १३(२) ची नोटीस आली की त्या ६० दिवसांत लेखी हरकत द्यायची, हिशेबात चूक असेल, व्याज जास्त लावलं असेल, भरलेले हप्ते धरले नसतील, एनपीएची तारीख चुकली असेल, जे असेल ते, आणि बँकेला १५ दिवसांत कारणासकट उत्तर द्यावं लागतं. दहातले नऊ जण ही नोटीस कपाटात ठेवतात. मग ताब्याची कारवाई झाली की त्या दिवसापासून ४५ दिवसांत डीआरटी. तिथं आता मार्डियामुळं पाऊण रक्कम लागत नाही, पण तिथं हरलात आणि वर अपील करायचं झालं तर निम्मी रक्कम भरा, अपिलाच्या कोर्टानं मनावर घेतलं तर पाव. म्हणून पहिला अर्ज नीट करा असं मी घसा कोरडा करून सांगतो. शेतजमीन तारण असेल तर सरफेसी तिच्यावर चालत नाही, आणि मुद्दल-व्याजापैकी २० टक्क्यांच्या आत बाकी उरली असेल तरीही चालत नाही, हे दोन मुद्दे लोक विसरतात.

छोट्या कारखानदारांसाठी अजून एक गोष्ट आहे आणि ती पण मुंबई हायकोर्टातूनच वर गेलेली. २०१५ चा एमएसएमईसाठीचा, म्हणजे सूक्ष्म, छोट्या आणि मध्यम उद्योगांसाठीचा, फ्रेमवर्क आहे, २५ कोटींपर्यंतच्या कर्जाला, त्यात खातं एनपीए व्हायच्या आधीच अडचण ओळखून कमिटीपुढं ठेवायची, कर्ज नव्यानं बसवता येतं का बघायचं. बँका म्हणायच्या आमच्यावर बंधन नाही, हायकोर्टानंही तसंच म्हटलेलं. प्रो निट्सच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टानं १ ऑगस्ट २०२४ ला सांगितलं की बंधन आहे. पण त्याच निकालात पुढं हेही की उद्योजकानंही वेळेत आपले कागद पुढं करावेत, सगळी कारवाई पार पडल्यावर मग मी एमएसएमई होतो म्हणून यायचं नाही. परत तेच, तारीख. उद्यमचं, म्हणजे एमएसएमई नोंदणीचं, सर्टिफिकेट फ्रेम करून गाळ्यात गणपतीशेजारी लावलेलं असतं, बँकेला त्याची कॉपी कुणी दिलेली नसते.

आता त्या आठ फसलेल्या लिलावांकडं येतो. लोकांना वाटतं लिलाव फसला म्हणजे देव पावला, आता बँक गप्प बसेल, आपणही गप्प बसू. माझा अनुभव असा की कर्जदाराचा शब्द सगळ्यात जास्त चालतो तो याच काळात. बँकेकडं मालमत्ता पडून आहे, घेणारा नाही, व्याज कागदावर वाढतंय, वरचा ऑफिसर विचारतोय वसुलीचं काय, अशा वेळी तुम्ही ठोस रक्कम आणि तारीख घेऊन ओटीएसचं, म्हणजे ठरलेल्या रकमेत कर्ज मिटवायच्या तडजोडीचं, पत्र दिलंत तर ते निदान वाचलं जातं. एकदा का कुणी बोली लावली, मग ती पाच लाख वर का असेना, तुमच्या शब्दाची किंमत शून्य. बैल गेला आणि झोपा केला, त्यातलं.

काकांच्या गाळ्याचं काय झालं ते सांगून संपवतो. त्या सोमवारी मी विचारलं, पेपरात आलंय का? ते म्हणाले, कुठला पेपर? आम्ही खाली स्टॉलवर गेलो, पत्रात लिहिलेल्या पेपराचा आदल्या शनिवारचा अंक त्याच्याकडं रद्दीत होता, पान नऊवर तो चौकोन, त्यात सातव्या नंबरला काकांचं नाव, त्यांच्या वडिलांचं नाव चुकवून छापलेलं. काका बराच वेळ नावातल्या चुकीवरच बोलत राहिले.

हायकोर्टाचा नाद सोडायला लावला. डीआरटीत अर्ज केला, व्याजाचा हिशेब मागितला, त्यात दंडव्याज दोनदा धरलेलं सापडलं, स्टे काही मिळाला नाही. लिलाव झाला आणि कुणी आलं नाही, गाळ्यासमोर ड्रेनेजचं काम चालू होतं, बघायला आलेले दोघं नाक धरून परत गेलेले, त्याचा किती हात होता देवाला माहीत. दुसऱ्या लिलावाची नोटीस निघायच्या आत साडूचे पैसे आले, आम्ही दुसऱ्याच दिवशी ओटीएसचं पत्र आणि त्याला जोडून निम्म्या रकमेचा डिमांड ड्राफ्ट घेऊन ब्रँचला गेलो. तीन हप्त्यांत सेटलमेंट झालं. मधल्या तीन महिन्यांत काका रोज सकाळी दोन पेपर विकत घेत होते आणि मागची पानं आधी वाचत होते.

शेवटचा हप्ता भरला त्या संध्याकाळी फोन आला, "आता पेपर बंद करू का रे?"

म्हटलं, नो ड्यूज हातात पडू द्या, मग करा.